उजेडडिंक: एका बालनाट्यातल्या विझणाऱ्या वस्तूचं प्रकरण

मे महिन्यातलं उन्हाळी शिबिर, ८ ते १२ वयाची २२ मुलं, ५० मिनिटांचं नाटक आणि शेवटच्या रविवारी एकच प्रयोग. पुण्यात सुट्टी लागली की पेठांपासून कोथरूडपर्यंत अशी शिबिरं गल्लोगल्ली चालू होतात. आमचंही त्यातलंच एक. शिबिर घेणारी ताई लेखन-दिग्दर्शन सांभाळते, दिव्यांचं काम तीस वर्षं पडद्यामागे काढलेले एक काका बघतात, आणि नेपथ्य, सामान, चहा, हरवलेल्या पाण्याच्या बाटल्या हे सगळं माझ्याकडे.

नाटकाची गोष्ट अशी. रानाच्या कडेला एक गाव. रानात ‘दिवेलागणीची झाडं’ आहेत. दिवसा ती साधीच, पांढुरक्या सालीची. संध्याकाळी गावात दिवे लागले की तीही आतून उजळतात. त्यांची साल खरवडली की उजेडडिंक पाझरतो. या डिंकाने काहीही जोडता येतं: फुटलेला माठ, तुटलेली चप्पल, दोन मैत्रिणींचं मोडलेलं बोलणं. गावचा सावकार सगळा डिंक गोळा करून पेटीत कोंडतो आणि मग मुलं तो परत मिळवतात. बस्स.

पहिल्याच वाचनाला नऊ वर्षांच्या एका मुलीने हात वर केला. “ताई, सगळंच जोडतं ना याने? मग आजीचा मोडलेला पाय दुसऱ्याच प्रवेशात का नाही जोडत?” आजीचा पाय मोडला होता कारण आजीने घरात राहणं कथेला सोयीचं होतं. ताई म्हणाली, “उद्या सांगते.” मुलांना ‘उद्या सांगते’चा अर्थ मोठ्यांपेक्षा लवकर कळतो. ती मुलगी पुढचे चार दिवस रोज आल्या आल्या ताईकडे बघून नुसती भुवया उंचावत होती.

माझ्यापुढचा प्रश्न वेगळा होता, निदान तेव्हा तरी तसं वाटलं. अंधारात मुलांच्या हातात चमकेल, तळहाताला चिकटणार नाही, कुणी तोंडात घातलं तर धावाधाव होणार नाही आणि आठव्या रांगेतल्या आजोबांनाही दिसेल असा डिंक मला तीन आठवड्यांत हवा होता.

रविवार पेठेत डिंक घ्यायला गेलो. दुकानदाराने वर न बघताच विचारलं, “धावड्याचा की बाभळीचा?” मी म्हटलं, दिसायला चांगला हवा. तेव्हा त्याने मान वर केली. “मे महिन्यात लाडू?” नाटकासाठी आहे म्हटल्यावर त्याला एकदम रस आला आणि त्याने चार डबे उघडले. धावड्याचा डिंक मधाच्या रंगाचा, खड्यांसारखा. तुपात तळला की लाहीसारखा फुलतो, डिंकाच्या लाडवांत जातो तो हाच किंवा बाभळीचा. शेवटच्या डब्यात कतिरा होता, पांढरट, पापुद्र्यांसारखा. तो तळायचा नसतो, भिजवायचा असतो. चमचाभर कतिरा रात्री पातेल्यात टाकला तर सकाळी पातेलं भरून थुलथुलीत, काचेसारखी जेली होते. माझं काम झालं असं समजून मी अर्धा किलो घेतला. अर्धा किलो कतिऱ्यात आख्खी सोसायटी बुडाली असती, हे नंतर कळलं.

कतिरा म्हणून जे विकलं जातं त्यात बऱ्याचदा कांडोळाचा डिंक असतो. हे झाड आमच्या गोष्टीसाठी जणू मापाने शिवलेलं. शुष्क पानझडीच्या जंगलात वाढतं, साल पांढरी, गुळगुळीत, कागदासारखी सुटणारी. उन्हाळ्यात पानं गळून गेली की चांदण्या रात्री नागडं खोड दुरून उजळल्यासारखं दिसतं, म्हणून त्याला ‘भुत्या’ असंही म्हणतात. डिंक काढायचा तर सालीला खाचा पाडतात, पुढचे काही दिवस तो थेंबाथेंबाने बाहेर येऊन सुकतो. उन्हाळ्यात जास्त येतो. खाचा खोल गेल्या किंवा वरचेवर पाडल्या की झाड खंगतं, मरतंही, आणि याच हावेने बऱ्याच भागांतले कांडोळ कमी झाले. या डिंकाला व्हिनेगरसारखा आंबूस वास येतो. औषधांत तो रेचक म्हणून वापरतात आणि कवळी हिरड्यांना धरून राहावी म्हणूनही. हे मी तालमीत सांगितलं तेव्हा ती भुवयावाली मुलगी म्हणाली, “म्हणजे पाय नाही तर नाही, आजीचे दात तरी जोडतो!” ताई हसली. पण वहीत काहीतरी लिहून घेतलं.

चमक आणायला मी ऑनलाइन पावडर मागवली. स्ट्रॉन्शियम अॅल्युमिनेट, त्यात युरोपियम आणि डिस्प्रोसियम यांचा किंचित अंश. १९९३ मध्ये जपानच्या नेमोटो कंपनीने हे मिश्रण पुढे आणलं. त्याआधीच्या झिंक सल्फाइडपेक्षा ते कितीतरी जास्त उजळतं आणि रात्रभर थोडं थोडं लुकलुकत राहतं. उजेड पडला की त्यातले इलेक्ट्रॉन वर चढतात, काही मधल्या खाचांत अडकतात आणि अंधारात एकेक करून सुटताना हिरवा उजेड सोडतात. पहिल्या काही मिनिटांत भरभरून, नंतर चिकटपणे.

रात्री कतिऱ्याच्या जेलीत पावडर कालवली, बल्बखाली धरली आणि बाथरूमचा दिवा घालवला. खरं सांगतो, मी मोठ्याने ‘अरे वा’ म्हणालो. पातेल्यात हिरवं चांदणं हलत होतं. आईला उठवून दाखवलं. ती म्हणाली, “माझं पातेलं आहे ते.”

दुसऱ्या दिवशी चमक निम्मी. तिसऱ्या दिवशी जेली पांढुरकी, बोटाला खरखरीत लागणारी, आणि अंधारात काळी ठिक्कर. मी आधी डिंकाला दोष दिला, मग विकणाऱ्याला, मग आईने पातेलं घासलं त्याला. खरं कारण साधं होतं. सिमेंटमध्ये जे कॅल्शियम अॅल्युमिनेट असतं त्याचा हा स्ट्रॉन्शियमवाला चुलत भाऊ. पाणी लागलं की तो पाण्याशी संयोग पावतो आणि ज्या स्फटिकामुळे चमक असते तो स्फटिकच मोडतो. पाण्यात वापरायची पावडर वेगळी येते, कणाकणाला लेप दिलेली, आणि अर्थातच महाग. मी स्वस्तातली घेतली होती.

मग बोहरी आळीतून रेझिन आणि हार्डनर आणलं, म्हणजे एकत्र कालवलं की हळूहळू कडक होणारं प्लास्टिकसारखं द्रव. डिंकाचे खडे रेझिनचे करायचे, म्हणजे पाण्याचा संबंधच नाही. साचे म्हणून बर्फाचा ट्रे आणि एक जुना मोदकाचा साचा. (त्यात आता पुन्हा मोदक होणार नाहीत, हे घरी गणपतीपर्यंत सांगितलं नव्हतं.) पहिली खेप सुकली तेव्हा प्रत्येक खडा तळाशी हिरवा आणि वरून कोरा. पावडर रेझिनपेक्षा तिपटीने जड, ती ओतल्या ओतल्या बुडाला बसायची. दोन दिवस मी यावर इंटरनेट धुंडाळलं. आई बाजूने जाता जाता म्हणाली, “एकतारी होऊ दे की मग घाल.” पाकाचं बोलत होती ती. दोन बोटांत तार धरेपर्यंत पाक होऊ द्यायचा आणि मगच नारळ घालायचा, नाहीतर वडी नीट धरत नाही. मी रेझिन तसंच थांबू दिलं. बोट लावायची सोय नव्हती, म्हणून काडी उचलून तार बघायचो. मधासारखं झालं की पावडर ढवळायची आणि लगेच साच्यात. खडे आरपार हिरवे झाले. हे सगळं मी गॅलरीत, हातमोजे आणि मास्क घालून केलं. ओलं रेझिन आणि कोरडी पावडर दोन्ही मुलांपासून लांब ठेवायच्या वस्तू आहेत. पूर्ण कडक झालेला, घासून गुळगुळीत केलेला, मुठीएवढा खडा हातात द्यायला हरकत नाही. मुठीएवढाच का, तर तोंडात मावू नये म्हणून.

खड्यांचे फोटो पालकांच्या ग्रुपवर टाकले आणि तासाभरात एका काकूंचा मेसेज: “मुलांच्या हातात रेडियम देताय का?” पुण्यात, आणि पुण्यातच कशाला, चकाकणाऱ्या सगळ्याला आपण रेडियम म्हणतो. गाडीवर ‘आईचा आशीर्वाद’ चिकटवून देणारा तो रेडियमवाला. त्याच्या स्टिकरमध्ये रेडियम नसतं, ते नुसता समोरून आलेला उजेड परत फेकतं. पण काकूंची शंका हसण्यावारी न्यायची नव्हती. शंभर वर्षांपूर्वी घड्याळांच्या तबकड्या खरोखरच रेडियमच्या रंगाने रंगवत. क्युरी दांपत्याने १८९८ मध्ये शोधलेलं तेच ते. अमेरिकेतल्या कारखान्यांत मुली कुंचल्याला टोक यावं म्हणून तो ओठांत धरत, आणि पुढे त्यांच्या जबड्यांची हाडं झिजली. त्या रंगाला बाहेरच्या उजेडाची गरज नसायची, किरणोत्सर्गच तो पेटता ठेवायचा. आमच्या खड्याला उजेड दाखवला नाही तर तो मेलेला. मी काकूंना एवढंच लिहिलं, की खडा कपाटात दोन दिवस ठेवून बघा, विझला तर रेडियम नाही. त्यांनी खरंच नेला आणि दोन दिवसांनी अंगठा पाठवला. ही परीक्षा मी त्यांना सांगितली आणि तरीही तिचा अर्थ माझ्या डोक्यात शिरला नव्हता.

कारण पुढचे दहा दिवस मी काका आणि ताईला एकच प्रश्न विचारत होतो: हा जास्त वेळ कसा टिकवायचा?

डिंकाचा प्रवेश संध्याकाळच्या प्रवेशानंतर येतो. काकांनी संध्याकाळ हॅलोजनवर अंबर जिलेटीन, म्हणजे दिव्यापुढचा पिवळसर-केशरी पारदर्शक कागद, लावून केली होती, सुंदर, तांबूस. तिच्यात खडे दहा मिनिटं रंगमंचावर उघडे असायचे आणि अंधार झाला की जेमतेम ओळखू यायचे. या पावडरीला लागतो निळा किंवा अतिनील उजेड. हॅलोजनमध्ये निळा मुळात कमी, उरलेला अंबर अडवतं. मी म्हटलं, संध्याकाळ पांढरी करा. काका म्हणाले, “पांढरी संध्याकाळ मी अजून पाहिली नाही.” शिवाय त्यांचा दुसरा मुद्दा बिनतोड होता. झगझगीत उजेडातून एकदम काळोख केला तर प्रेक्षकांच्या डोळ्यांना काहीच दिसत नाही. डोळे अंधाराला पुरते सरावायला वीस-तीस मिनिटं घेतात, पहिल्या काही मिनिटांत निम्मं काम होतं. हिरवा रंग त्यातल्या त्यात बरा, अंधारात काम करणाऱ्या पेशींना हिरव्या-निळ्याच्या मधलाच उजेड सगळ्यात जास्त जाणवतो. पण डोळ्यांना आधी मंद हवा आणि खड्यांना आधी प्रखर. एकाच रंगमंचावर दोन्ही कसं द्यायचं?

उत्तर विंगेत निघालं. थर्माकोलचा खोका, आतून स्वयंपाकघरातली फॉइल, झाकणाला ९ वॅटचे दोन साधे पांढरे एलईडी बल्ब. या बल्बच्या पोटात निळा दिवाच असतो, त्यामुळे पाच मिनिटांत खडे टम्म. मुलं त्याला ‘उबवणी’ म्हणायला लागली. समोर काकांची तांबूस संध्याकाळ हळूहळू मालवत जायची आणि विंगेत झाकण लावलेल्या खोक्यात आमची अंडी उबत असायची.

एक गोष्ट अजून सांगायची राहिली. पूर्ण काळोखाच्या पहिल्या तालमीत एक मुलगा पायरी चुकून पडला. गुडघा खरचटला, फार नाही. त्यानंतर लेप दिलेली पावडर घेतलीच, ती रंगात कालवून रंगमंचाच्या कडेला आणि पायऱ्यांवर पट्टे मारले, आणि बाहेर जायच्या दारावरचे दिवे कधीही घालवायचे नाहीत असं ठरलं. काकांना ते दिवे खुपत होते. मला अजूनही वाटतं की मुलांच्या नाटकात पूर्ण काळोख करूच नये.

आता रंगीत तालीम. मध्यवस्तीतलं एक छोटं नाट्यगृह, वातानुकूलन बंद, सगळे घामाघूम. सावकार झालेला मुलगा दहा वर्षांचा, पाठांतर चोख, पण हौशी. त्याने आपला खडा तालीम सुरू व्हायच्या आधीच पेटीत ठेवून टाकला, “मग विसरायला नको” म्हणून. तिसऱ्या प्रवेशात तो दिमाखात पेटी घेऊन येतो, झाकण उघडतो आणि उजेडाने त्याचं तोंड हिरवं होतं, असं ठरलेलं. त्याने झाकण उघडलं. काहीच नाही. पाऊण तास काळोखात बसलेला खडा, त्यात आजूबाजूला अंबरचा उरलेला उजेड. पोरगं दोन सेकंद गप्प राहिलं. मग पेटीत डोकं घालून म्हणालं, “अगं बाई! हा तर साधा डिंक निघाला!”

सगळी मुलं फुटली. काका वरून ओरडले, “पुन्हा कर रे तसंच!” मी मात्र विंगेत शरमेने गोठलो होतो, कारण उबवणीतून खडा नेऊन द्यायचं काम माझं होतं. ताई पहिल्या रांगेतून उठून आली ती माझ्याकडे न बघता थेट त्या भुवयावाल्या मुलीकडे गेली. “विचार परत,” म्हणाली. मुलीने विचारलं, आजीचा पाय का नाही जोडत. ताई म्हणाली, “कारण जोड पक्की व्हायला आख्खी रात्र लागते, आणि तोपर्यंत डिंक उजळत राहिला पाहिजे. आणि एकट्याचा डिंक रात्रभर उजळत नाही.”

त्या संध्याकाळी शेवटची बारा मिनिटं नव्याने बसवली. प्रयोगाला दोन दिवस असताना हे करणं शहाणपणाचं नव्हतं, असं मी म्हणालोही. आता नियम असे झाले: झाड एका वेळी एकच खडा देतं आणि मग काही काळ ते झाड काळं राहतं. डिंकाला दिवसा ऊन दाखवावं लागतं. पेटीत, खिशात, गादीखाली ठेवला तर विझतो. सावकाराच्या पेटीतून कुणीच काही सोडवत नाही. तोच रडकुंडीला येऊन पेटी अंगणात उपडी करतो. आणि शेवटच्या रात्री गावातलं प्रत्येक जण आपला दिवसभर उन्हात तापलेला खडा घेऊन आजीच्या खाटेपाशी येतं. आधीच्याचा मंद व्हायला लागला की पुढचं पाऊल टाकतं.

या शेवटाने माझं काम एका झटक्यात सोपं केलं. खडा पहिली काही मिनिटंच भरभरून उजळतो ना, मग प्रत्येक मूल उबवणीतून ताजा खडा घेऊन विंगेतून निघेल. आधीचे मंदावताना दिसतील, आणि ते तसं दिसायलाच हवं. ज्याच्याशी मी तीन आठवडे झगडत होतो ते आता संहितेत लिहिलेलं होतं. मी मोठे खडे करावे का, पावडर दुप्पट करावी का, या हिशेबांचे कागद फाडून टाकले. जाडसर पावडर जास्त उजळते म्हणून मागवलेलं एक पाकीट मात्र न उघडता पडून आहे. कुणाला हवं असेल तर घेऊन जा.

प्रयोगात सगळंच जमलं नाही. दिवेलागणीचं झाड फसलं. बांबू, जाळी, कागदाचा लगदा आणि वरून कांडोळासारखा पांढरा रंग, दिवसाच्या प्रवेशात ते देखणं दिसायचं. पण त्यावर रंगवलेल्या चमकत्या रेषांना उबवणीत घालता येत नव्हतं आणि काकांची संध्याकाळ काकांचीच राहिली. आठ फुटांच्या झाडापेक्षा एका मुलीच्या मुठीतला खडा जास्त उजळत होता. पुन्हा केलं तर झाड दाखवणारच नाही. विंगेच्या दिशेला मुलं बघतील, तेवढं पुरे.

खाटेचा प्रवेश चार मिनिटांचा लिहिला होता, सात मिनिटं चालला. सहाव्या की सातव्या मुलाच्या वेळी प्रेक्षागृहातली कुजबुज थांबली. शेवटची ती भुवयावाली. तिने खडा ठेवला, आजीने पाय हलवला आणि काकांनी पहाट केली. पहाट मात्र पांढरी होती, तेवढं त्यांनी माझं ऐकलं.

नंतर मुलांनी मला गाठून विचारलं, असं झाड खरंच असतं का. मी सांगितलं, झाड नाही, पण पावसाळ्यात भीमाशंकरच्या जंगलात कुजलेल्या फांद्यांवर मायसीना जातीची बुरशी वाढते, तिचा फिका हिरवा उजेड असतो. आपल्या खड्यासारखा उसना नाही, ती स्वतः रसायनातून तयार करते. २०१८ मध्ये चमकणाऱ्या बुरशीतली ती सगळी साखळी उलगडली, २०२० मध्ये तिचे जनुक तंबाखूच्या रोपात घालून रोप उजळवून दाखवलं, आणि २०२४ मध्ये अमेरिकेत तशी पेटुनियाची कुंडी विकायलाही आली. “किती वेळ चमकतं?” एकाने विचारलं. जिवंत असेपर्यंत, म्हटलं. त्यांना हे आमच्या डिंकाइतकं पटलं नाही असं दिसलं.

खडे मुलांनाच वाटून टाकले. आठवड्याने सावकाराचा फोन आला, त्याच्या आईच्या मोबाइलवरून.

“दादा, माझा बंद पडला.”

“कुठे ठेवतोस?”

“कंपासपेटीत.”

“अरे, तूच ना सावकार? खिडकीत ठेव.”

पलीकडे बराच वेळ शांतता. मग हळू आवाजात, “खिडकीत ठेवला की माझी ताई घेते.”